आंधळा कॉम्प्युटर

माझा राग एखादं भांडं आपटलं की संपतो. माझ्या थोरल्या जाऊबाईंचा संपत नाही. त्या तो घडी घालून ठेवतात आणि वेळ आली की इस्त्रीसकट बाहेर काढतात. आमच्या धाकट्या दिराने त्यांचं नाव मातीत घातलं, त्या दिवसापासून ते नाव परत मिळेपर्यंत त्यांनी एकदाही आवाज चढवला नाही. मीच काय ते दोघींच्या वाटचं ओरडून घेतलं.

जाऊबाई मूळच्या शिंप्याकडे काजं-बटणं करणाऱ्या. थोरल्या दिरांनी मोबाइल दुरुस्तीचं दुकान काढलं, तेव्हा जाऊबाई दुपारी त्यांचा डबा घेऊन जायच्या आणि जेवण होईपर्यंत बाजूच्या स्टुलावर बसायच्या. दिरांची नजर अधू होत गेली तसा त्यांच्या हातातला चिमटा यांच्या हातात आला. सुईत दोरा ओवणाऱ्या हाताला बोर्डावरचा तांदळाच्या कणीएवढा भाग उचलून बसवणं अवघड गेलं नाही. फोन उघडला की त्याचे स्क्रू त्या चुंबकाच्या पट्टीवर फोनच्याच आकारात मांडायच्या, म्हणजे कुठला कुठून निघाला ते विसरायला नको. दीर गेले तेव्हा गिऱ्हाइकं दुकानात येऊन "बाई आहेत का?" असंच विचारत होती.

धाकटा दीर तोवर हाताशी आला होता. गोड बोलण्यात त्याचा हात धरणारं कोणी नाही. दुकानावर 'मोबाइल डॉक्टर' अशी लखलखती पाटी त्याने लावून घेतली, काउंटरवर तो बसू लागला आणि जाऊबाई आतल्या टेबलावर. पाटीवरच्या डॉक्टरला सोल्डरिंगची गरम सळई कुठल्या टोकाने धरायची हेसुद्धा थोरल्या वहिनीने शिकवलं होतं, पण पाटीवर तेवढी जागा नव्हती.

आता मुख्य भानगड सांगते. फोनला फॅक्टरी रीसेट मारला की तो आतून धुऊनपुसून स्वच्छ होतो, पण पुन्हा चालू करताना विचारतो की आधीचं खातं कोणतं, पासवर्ड काय. चोराने फोन पुसला तरी त्याला तो वापरता येऊ नये, म्हणून ही सोय. चोर राहतात बाजूला आणि अडकतात म्हातारी माणसं. मुलाने कधीतरी खातं काढून दिलेलं असतं, मुलगा दूरदेशी, पासवर्ड मुलाच्याही लक्षात नाही. कंपनीच्या सेंटरवर बिल नेलं तर रीतसर उघडून मिळतं, पण त्याला वेळ लागतो आणि लोकांना तेवढा दम नसतो.

मग नेटवर फुकटची टूल मिळतात. ती कोणी बनवली, का बनवली, आपल्यावर एवढं प्रेम कशासाठी, कोणी विचारत नाही. प्रत्येक टूलची पहिली सूचना एकच असते: आधी अँटिव्हायरस बंद करा. म्हणजे राखणदाराला घरी पाठवा, मग आम्ही येतो. आणि या धंद्यातला प्रत्येक जण ते मुकाट्याने बंद करतो, कारण जी टूल खरंच कामाची असतात, त्यांच्यावरही अँटिव्हायरस चोर म्हणूनच भुंकतो. रोज भुंकणाऱ्याकडे कोण लक्ष देणार?

जाऊबाई द्यायच्या. त्यांनी एक जुना कॉम्प्युटर वेगळा ठेवला होता. त्याला नेट नाही, त्यात कोणाचा फोटो नाही, कुठला पासवर्ड नाही. त्याला त्या 'आंधळा' म्हणायच्या. कुठलंही नवं टूल आधी आंधळ्यावर. त्याची वायर एका मोकळ्या राउटरला जोडलेली असायची, ज्याच्यापुढे काहीच नव्हतं. कॉम्प्युटरमधून कोणी बाहेर निरोप धाडायचा प्रयत्न केला की राउटरवरचा हिरवा दिवा लुकलुकायचा. "कुलूप उघडणाऱ्याला बाहेर कोणाशी बोलायचं काय कारण?" असं त्यांचं साधं म्हणणं. दिवा गप्प राहिला तर टूल चांगलं. लुकलुकला तर ते त्या फेकून द्यायच्या आणि ओळखीच्या सगळ्या दुकानदारांना फोन करून सांगायच्या. चांगल्या टूलनेसुद्धा त्या फक्त मालक समोर उभा असेल आणि फोनचं बिल किंवा खोका दाखवील तरच कुलूप उघडायच्या. आणि दुरुस्तीआधी फोनमधल्या सामानाची जी नक्कल करून ठेवायची, ती फोन परत देताना गिऱ्हाइकाच्या डोळ्यांदेखत पुसायच्या.

धाकट्याला हा सगळा सोवळेपणा वाटायचा. फोन थोडाच बोलतो तो कोणाचा आहे ते, असं तो हसून म्हणायचा. नकला पुसायचा नाही, लोक परत मागायला येतात म्हणून. एके दिवशी जाऊबाई दवाखान्यात गेल्या असताना त्याने एक ताजं टूल थेट दुकानाच्या मोठ्या कॉम्प्युटरवर चढवलं. राखणदाराला घरी पाठवून.

त्यानंतर थोड्याच दिवसांत समोरच्या पार्लरवालीचे फोटो आमच्या भागातल्या फोनांवर फिरू लागले.

पार्लरवाली म्हणजे जाऊबाईंची जिवाभावाची मैत्रीण. गिऱ्हाईक नसलं की येऊन आंधळ्याशेजारी बसणारी आणि "आज काय म्हणतोय गं तुझा दिवा?" विचारणारी. तिचं छातीचं ऑपरेशन झालं होतं, आणि टाके चिघळले तेव्हा सर्जनबाईंना दाखवायला तिने त्या जखमेचे फोटो काढले होते. जे नवऱ्याला दाखवताना तिला लाज वाटली, ते कोपऱ्यावरच्या पंक्चरवाल्याने पाहिलं. फोन दुरुस्तीला घेतला होता जाऊबाईंनी. सॉफ्टवेअर घातलं होतं धाकट्याने, आणि नक्कल तशीच पडून होती.

दुकानासमोर माणसं जमली, तेव्हा धाकट्याने हात झटकले. म्हणाला, मोठ्या वहिनी आत बसून लोकांच्या फोनमधलं बघत असतात हे मला ठाऊक होतं, घरची बाई म्हणून गप्प राहिलो. जाऊबाईंनी अँटिव्हायरस बंद सापडल्याचं सांगितलं, टूलचं सांगितलं. त्यावर तो सगळ्यांकडे वळून म्हणाला, "टूलला काय डोळे असतात?"

लोक हसले. त्या हसण्याने निकाल लागला. कॉम्प्युटर त्याने आदल्या दिवशीच साफ पुसून ठेवला होता, त्यामुळे दाखवायला काही उरलं नव्हतं. सासूबाईंनी तोंडाला पदर लावला आणि थोरलीने दुकानात पाऊल टाकू नये असं सांगितलं. आमचे हे ड्रायव्हर, दिवसभर हॉर्न वाजवतात म्हणून घरात तोंडातून अक्षर काढत नाहीत. त्यांनी नेमका त्याच वेळी पंखा पुसायला घेतला. पार्लरवाली फक्त जाऊबाईंकडे बघत राहिली आणि मग रस्ता ओलांडून गेली. धाकट्याचं बोलणं जाऊबाईंनी पचवलं असतं. ते बघणं त्यांना पचलं नाही.

आंधळा डोक्यावर घेऊन त्या घरी आल्या. स्वयंपाकघरामागच्या खोलीत टेबल मांडलं. लांबलांबची दुकानं अवघड बोर्ड त्यांच्याकडे धाडायची, कारण असा हात दुसरा नव्हता. पण आमच्या भागातलं एक माणूस फोन घेऊन येत नव्हतं. बायका त्यांच्यासमोर फोन पालथा ठेवायच्या. मी दातओठ खाऊन विचारायची की जाऊबाई, हे किती दिवस सहन करायचं? त्या भिंगातून नजर न काढता म्हणायच्या, "त्याच्या तोंडून यायला हवं. त्याच लोकांसमोर. बाकी मला काही नको."

आता धाकट्याची पंचाईत अशी झाली की टूल चाखून बघणारं माणूसच त्याने हाकललं होतं. कुठलं चालतं, कुठलं फसवं, त्याला कळेना. मग तो माझ्याकडे चकरा मारू लागला. येताना माझ्यासाठी चार्जर आणायचा, कधी फोनचं कव्हर आणायचा, आणि सहज विचारल्यासारखं विचारायचा, "वहिनी, मोठ्या वहिनी हल्ली काय वापरतात हो?"

मी तशीच आत गेले आणि जाऊबाईंना सांगितलं. म्हटलं, चार्जर त्याच्या टाळक्यात घालू का? त्यांनी चिमटा खाली ठेवला. मग म्हणाल्या, "विचारल्याशिवाय काही सांगू नकोस. विचारलं तर खोटं बोलू नकोस."

तेव्हापासून तो विचारायचा आणि मी खरं तेच सांगायची. टूल चांगलीच असायची, त्याचं काम व्हायचं, आणि तो माझ्यावर डोळे मिटून विश्वास टाकू लागला. माझ्या हातून चोरलेल्या अकलेवर त्याचा धंदा फुलला. नवा फोन घेतला, दुकानात आरसे लावले, लग्नाच्या बोलण्यांनाही जोर आला. मी जाऊबाईंना म्हटलं, तुम्ही त्याचं भलं करताय की वाटोळं? त्या नुसत्या हसल्या.

मग एका सकाळी मी चहा घेऊन गेले तर राउटरचा हिरवा दिवा लुकलुकत होता. जाऊबाई हाताची घडी घालून त्याच्याकडे बघत होत्या. नवीन टूल होतं, सगळीकडे त्याचाच बोलबाला, नव्या फोनांचं कुलूप चुटकीसरशी उघडतं म्हणून. आणि उघडलं होतंही. टेबलावरचा फोन मोकळा झाला होता. त्यांनी माझ्यासमोर टूल बंद केलं. दिवा लुकलुकतच राहिला.

एरवी त्या लगेच फोन उचलून दुकानदारांना सावध करायच्या. त्या दिवशी त्यांनी लांबच्या दुकानांना फोन केले. आमच्या भागात केला नाही.

धाकटा आला तेव्हा मी भाजी निवडत होते. त्याने विचारलं, वहिनींनी ते नवं टूल घेतलंय का? मी म्हटलं, घेतलंय. चालतं का? म्हटलं, फोन उघडलेला मी डोळ्यांनी पाहिला. कुठून मिळतं? तेही सांगितलं. तो निघाला, दारात चपला घालताना थांबला. आता विचारतो, वाटलं, कुठल्या कॉम्प्युटरवर चालवलं म्हणून. त्या टेबलाशेजारी तो वर्षानुवर्षं बसलेला, आंधळा आणि दिवा त्याने रोज पाहिलेले. तो एवढंच म्हणाला की चार्जर नीट चालतोय ना? मी म्हटलं, झकास.

मला त्याची दया आली नाही. खोटं कशाला सांगू.

पुढचा आठवडा मी रोज पार्लरच्या दिशेने भाजीला जाऊ लागले, काय घडतंय ते बघायला. आधी दुकानाच्या खात्यावरून गिऱ्हाइकांना निरोप जाऊ लागले. निरोपासोबत त्यांचेच फोटो, आणि खाली धमकी की आमचं ऐकलं नाहीत तर हे सगळीकडे जातील. निरोपावर नाव आणि चेहरा धाकट्याचा. ज्या मुलीशी त्याचं जमत आलं होतं तिच्या वडिलांनाही एक गेला, कारण त्यांनीही भावी जावयाच्या कौतुकाने आपला फोन त्याच्याकडूनच दुरुस्त करून घेतला होता. धाकट्याने खातं बंद करायला फोन हातात घेतला, तर फोन कोरा. दुकानाच्या कॉम्प्युटरमध्ये साठवलेले त्याचे सगळे पासवर्ड चोरांनी उचलले होते, बदलले होते, आणि लांबूनच त्याचा फोन पुसून टाकला होता. तो दिमाखदार नवा फोन त्यालाच विचारत होता की आधीचं खातं कोणतं, पासवर्ड काय. दुनियेची कुलपं उघडणारा डॉक्टर आपल्याच कुलपापुढे ताटकळत बसला. हे मला समजलं तेव्हा मी भर रस्त्यात हसले.

भर दुपारी दुकानासमोर गर्दी झाली. तीच माणसं, तोच पंक्चरवाला, सासूबाई कडेला खुर्चीवर. धाकटा घामाघूम होऊन सांगत होता की मी काही केलेलं नाही, मी कोणाचे फोटो बघत नाही, हे त्या टूलने नेलंय. पार्लरवाली गर्दीतून पुढे आली. जाऊबाईंना टाळायचं म्हणून तिने मध्यंतरी आपला फोन त्याच्याकडेच दिला होता. या खेपेला त्यात तिच्या लेकीचे फोटो होते, बाळंतपणातले. ती म्हणाली, "टूलला काय डोळे असतात? तूच म्हणाला होतास."

धाकट्याने गर्दीत मला पाहिलं आणि हात जोडले, मोठ्या वहिनींना बोलवा, त्या सांगतील, त्यांचं लोक ऐकतील. ज्यांचं नाव त्याने घालवलं त्यांचंच नाव त्याला उसनं हवं होतं. मी धावत घरी गेले.

जाऊबाई एका बोर्डावर काम करत होत्या. ते पुरं केलं. स्क्रू जागच्या जागी बसवले, हात धुतले, कपाटातले ठेवणीतले कपडे काढून घातले, वेणी पुन्हा घातली. मी दारात तळमळत उभी. "चल," म्हणाल्या, एखाद्याच्या बारशाला निघाल्यासारख्या.

गर्दीने त्यांना वाट दिली. त्या दुकानाच्या पायरीशी थांबल्या, वर चढल्या नाहीत. धाकटा म्हणाला, वहिनी, सांगा ना यांना, टूल असं करतं की नाही? त्या म्हणाल्या, "करतं. आत शिरतं, सगळं उचलतं आणि बाहेर धाडतं. कोणी बघायला बसावं लागत नाही." लोकांत कुजबुज झाली. धाकट्याने सुटकेचा श्वास टाकला. तेवढ्यात त्या पुढे म्हणाल्या, "भाऊजी, आता त्या वेळचं सांगा. तेव्हा टूल कोणी चढवलं होतं?"

त्यांनी तेव्हाही त्याला अहो-जाहोच केलं. मी असते तर शिव्यांखेरीज शब्द काढला नसता.

त्याने इकडे बघितलं, तिकडे बघितलं. सासूबाईंकडे बघितलं, त्या पदराच्या टोकाशी चाळा करत होत्या. नाही म्हणावं तर आजचं खापर त्याच्या डोक्यावर फुटत होतं. हो म्हणावं तर तेव्हाचं. जाऊबाईंनी त्याला घाई केली नाही.

"मी," तो म्हणाला.

"मोठ्याने सांगा. मागच्यांना ऐकू गेलं नाही."

"मी चढवलं होतं. वहिनींनी कोणाचं काही बघितलं नव्हतं. मी खोटं बोललो."

तिथून पुढचं सगळं मी जन्मभर चवीने आठवीन. जाऊबाईंनी त्याच्याकडे पाठ फिरवली आणि लोकांना शांतपणे सांगितलं की दुसऱ्या चांगल्या फोनवरून आधी सगळे पासवर्ड बदला, बँकेला कळवा, पोलिसांत तक्रार द्या, धमकीला उत्तर देऊ नका. माना डोलल्या. पंक्चरवाल्याने नमस्कार केला. कोणीतरी 'मोबाइल डॉक्टर' पाटीवर चप्पल भिरकावली, ती लागली नाही याचं मला अजून वाईट वाटतं. घरी येताना जाऊबाईंची चाल अशी होती की मला बरोबर राहायला पळावं लागत होतं.

दुसऱ्या दिवशी पार्लरवाली आमच्या मागच्या खोलीत आली. किती काळाने. तिने आपला फोन टेबलावर ठेवला, सुलटा, आणि जाऊबाईंचे हात धरून रडली. म्हणाली, मी तुला ओळखत असूनही त्या दिवशी तसं बघितलं, मला माफ कर. माझं झालं त्याचं मला एक वेळ काही वाटणार नाही, पण लेकीचं असं व्हायला नको होतं. आता माझा, तिचा, सगळ्यांचे फोन तुझ्याचकडे. जाऊबाईंच्या डोळ्यांत मी पहिल्यांदा पाणी पाहिलं. माझंही नाक वाहू लागलं. मी चहाला उठले.

मागून पार्लरवालीचा आवाज आला, नाक पुसत, जुन्या सवयीने आंधळ्याकडे बघत. "पण मेलं ते टूल सगळीकडेच चाललं होतं म्हणे. तुझ्याकडे नव्हतं का आलं? तू तर आधी तपासून बघतेस."

मी वळून जाऊबाईंकडे पाहिलं. डोळ्यांनी नाही म्हणा, नाही म्हणा, असं सांगत होते. एक शब्द पुरे होता.

"आलं होतं," जाऊबाई म्हणाल्या. "तपासलं होतं."

"मग?"

"दिवा लुकलुकत होता."

दिवा लुकलुकला की त्या काय करायच्या हे पार्लरवालीला माझ्यापेक्षा जास्त माहीत होतं. ती त्या टेबलाशी तेवढी बसली होती. तिने हात हळूच सोडवून घेतले. मग टेबलावरचा फोन उचलला, पदरात धरला आणि रस्ता ओलांडून गेली. या वेळी तिने वळूनसुद्धा बघितलं नाही.

मी भडकले. चहाचं भांडं ओट्यावर आपटलं. म्हटलं, एवढं सगळं मिळवलं आणि एका शब्दात घालवलंत? कोणी सांगितलं होतं बोलायला? तोही नरमला होता, तीही आली होती, गप्प बसला असतात तर कोणाला कळलं असतं?

जाऊबाईंनी भिंग पुढे ओढलं, पुढचा फोन घेतला आणि पहिला स्क्रू काढून पट्टीवर ठेवला.

"तिने विचारलं ना," त्या म्हणाल्या.